शरीररचनेच्या दालनात चित्रकारालाही जागा हवी

संपादक महोदय,
सप्रेम नमस्कार.

आपल्या दैनिकाच्या रविवार पुरवणीत, मानवी शरीराचा कला आणि विज्ञान अशा दोन्ही वाटांनी शोध घेणाऱ्या एका परदेशी कलावंताविषयीचा लेख वाचला. हा विषय आमच्या भागातील वाचकांसमोर आणल्याबद्दल आपले आभार. मात्र लेखाच्या मांडणीत एक गृहीतक आहे आणि ते तपासून पाहावे म्हणून हे पत्र लिहीत आहे. शरीराविषयीचे सत्य वैज्ञानिक शोधून काढतो आणि कलावंत मागाहून येऊन त्याला देखणे रूप देतो, असे त्या लेखात जागोजागी सूचित झाले आहे. मी आयुष्यभर माध्यमिक शाळेत चित्रकला शिकवली. हात, पाऊल किंवा मान रेखाटायला बसल्यावर विद्यार्थ्याला ज्या गोष्टी दिसू लागतात, त्या आदल्या दिवसापर्यंत डोळ्यांसमोर असूनही त्याने पाहिलेल्या नसतात, हा आमच्या पेशातल्या प्रत्येकाचा अनुभव आहे. रेखाटन ही पाहण्याची शिस्त आहे आणि शरीरशास्त्राचा बराचसा प्रवास याच शिस्तीच्या आधाराने झाला आहे. तो प्रवास लक्षात घेतला, तर जळगाव, धुळे आणि नंदुरबार या तिन्ही जिल्ह्यांत आज शासकीय वैद्यकीय महाविद्यालये असताना आपल्याकडील चित्रकलेच्या विद्यार्थ्याचा त्यांच्या शरीररचनाशास्त्र विभागाशी सहसा काहीही संबंध येत नाही, यात दोन्ही बाजूंचे किती नुकसान आहे ते ध्यानात येईल.

लिओनार्दो दा विंचीचे नाव अशा चर्चेत हटकून येते, पण बहुधा चुकीच्या चित्रासाठी. वर्तुळात आणि चौकोनात हातपाय पसरून उभा असलेला त्याचा पुरुष दवाखान्यांच्या पाट्यांपासून औषध कंपन्यांच्या दिनदर्शिकांपर्यंत सगळीकडे दिसतो. खरे काम मात्र त्यानंतरच्या वह्यांत आहे. १५०७-०८ च्या हिवाळ्यात फ्लॉरेन्सच्या सांता मारिया नुओवा रुग्णालयात, स्वतःचे वय शंभराच्या पुढे सांगणाऱ्या एका वृद्धाशी त्याचे बोलणे झाले. काही तासांतच तो वृद्ध शांतपणे वारला आणि इतके सहज मरण कशामुळे आले हे पाहण्यासाठी लिओनार्दोने त्याच्या देहाचे विच्छेदन केले. हृदयाला रक्त पुरवणारी वाहिनी सुकलेली व आकसलेली आढळल्याचे त्याने लिहून ठेवले आहे. धमन्या कठीण होण्याच्या विकाराच्या सर्वांत जुन्या वर्णनांत या नोंदीची गणना होते. पुढे, हृदयातून निघणाऱ्या महाधमनीच्या मुखाशी असलेली झडप मिटते कशी, हा प्रश्न त्याने हाती घेतला. बैलाच्या हृदयात मेण ओतून साचा घ्यावा, त्यावरून काचेची प्रतिकृती करावी आणि तिच्यात गवताचे बी मिसळलेले पाणी सोडून प्रवाह डोळ्यांनी पाहावा, अशी युक्ती त्याने योजली. झडपेमागच्या फुगवट्यांत रक्त भोवरे घेते आणि त्या भोवऱ्यांमुळे झडपेच्या पाकळ्या मिटतात, या त्याच्या निष्कर्षाला विसाव्या शतकाच्या उत्तरार्धातील प्रयोगांनी दुजोरा दिला. वाहत्या पाण्यातले भोवरे वर्षानुवर्षे रेखाटत आलेल्या माणसालाच हे सुचू शकले, असे माझे मत आहे.

आणि हाच लिओनार्दो गर्भाशयातील अर्भकाच्या आपल्या जगप्रसिद्ध चित्रात वारेच्या बाबतीत चुकला. गायीच्या वारेत असतात तसे सुटेसुटे पुंजके त्याने मानवी गर्भाभोवती दाखवले आहेत, कारण त्याच्या पाहण्यात गायीचीच वार आली होती. ज्या अवयवापर्यंत त्याची नजर पोहोचली तिथे तो शतकानुशतके पुढे होता. जिथे पोहोचता आले नाही तिथे हातातले कसब कामाला आले नाही. चित्रकाराला शरीरापर्यंत पोहोचण्याची मुभा का हवी, याचे यापेक्षा स्पष्ट उत्तर मला देता येणार नाही.

१५४३ मध्ये बासेल येथे छापल्या गेलेल्या आंद्रेआस व्हेसालियसच्या शरीररचनेवरील ग्रंथाने गॅलेन या प्राचीन ग्रीक वैद्याचा तेराशे वर्षांचा अधिकार हलवला. प्राण्यांच्या विच्छेदनावर विसंबलेल्या गॅलेनच्या परंपरेत माणसाचा खालचा जबडा दोन हाडांचा मानला जात होता. तो एकाच हाडाचा आहे हे व्हेसालियसने दाखवले. दाखवले म्हणजे शब्दशः दाखवले, दोनशेहून अधिक लाकडी ठशांच्या चित्रांतून. ती चित्रे व्हेनिसचा चित्रकार तिशन याच्या चित्रशाळेशी संबंधित कलावंतांनी काढली असावीत असे मानले जाते. आपल्याकडे तर सुश्रुतसंहितेच्या शारीरस्थानात देह मुंजासारख्या गवतात गुंडाळून, पिंजऱ्यात घालून वाहत्या पाण्यात सात रात्री ठेवावा आणि नंतर वाळा, केस, बांबू यांच्या कुंच्याने हलकेच घासत त्वचेपासून आतले सर्व थर एकेक करून प्रत्यक्ष पाहावेत, अशी पद्धत सांगितलेली आहे. सांगणे इतके नेमके असूनही त्यासोबत चित्र आले नाही. मजकूर पाठ होत राहिला आणि पाहणे मागे पडले, ते थेट १८३६ साली कलकत्त्यात पंडित मधुसूदन गुप्त यांनी शवाला सुरी लावेपर्यंत. परंपरेचा अभिमान बाळगणाऱ्यांनी हा मधला रिकामा काळही मोजायला हवा.

या इतिहासातील ज्या माणसाचा महाराष्ट्राशी थेट संबंध आहे, त्याचे नाव मात्र आपल्याकडे फारसे कोणी घेत नाही. जगभरचे वैद्यकीय विद्यार्थी ज्याला ग्रेचे पुस्तक म्हणून ओळखतात, ते हेन्री ग्रे यांचे शरीररचनेवरील पुस्तक १८५८ साली लंडनमध्ये प्रसिद्ध झाले. त्यातील ३६३ आकृत्या हेन्री व्हॅन्डाइक कार्टर या तरुण डॉक्टरने काढल्या होत्या. कार्टर हे चित्रकाराचे पुत्र. त्या काळच्या पुस्तकांत आकृतीवर अ, ब, क अशी अक्षरे घालून खाली त्यांची यादी देण्याची रीत होती. कार्टर यांनी शिरेचे, स्नायूचे, हाडाचे नाव त्या त्या अवयवावरच, त्याच्या वळणाने लिहिले, त्यामुळे विद्यार्थ्याची नजर आकृतीवरून हलण्याचे कारण उरले नाही. अध्यापनाच्या दृष्टीने हा फार मोठा विचार होता आणि तो चित्रकाराच्या डोक्यातून आला होता. ग्रे यांना पुस्तकाच्या विक्रीनुसार मानधन ठरले, कार्टर यांना एकरकमी १५० पौंड मिळाले, आणि शीर्षकपृष्ठाच्या मुद्रितावर ग्रे यांनी कार्टर यांचे नाव लहान टायपात घेण्याची खूण केली. गॅदरिंगचा पडदा रंगवून निमंत्रणपत्रिकेत नाव न आलेल्या आम्हा कलाशिक्षकांना यात नवल वाटण्याचे कारण नाही.

पुस्तक बाजारात आले त्याच वर्षी कार्टर मुंबईस आले. १८४५ साली स्थापन झालेल्या ग्रँट मेडिकल कॉलेजात त्यांनी शरीररचना आणि शरीरक्रिया हे विषय शिकवले, साताऱ्यास सिव्हिल सर्जन म्हणून काम केले, आणि आपल्याकडील शेतकऱ्याच्या अनवाणी पायाला काट्यातून होणाऱ्या बुरशीच्या रोगाचा, ज्याला मदुरा फूट म्हणतात, तसेच कुष्ठरोगाचा सखोल अभ्यास करून ग्रंथ लिहिले. १८७७ च्या दुष्काळात मुंबईत आलेल्या भुकेकंगाल लोकांच्या रक्तात, उलटून येणाऱ्या तापाचे जंतू त्यांनी सूक्ष्मदर्शकाखाली ओळखले. ज्या डोळ्यांनी आकृत्या काढल्या त्याच डोळ्यांनी हे निदान केले, यात मला विसंगती दिसत नाही. चेतापेशींचे रूप जगाला दाखवणाऱ्या स्पेनच्या सांतियागो रामोन इ काहाल यांनाही लहानपणी चित्रकारच व्हायचे होते, आणि १९०६ चे नोबेल मिळवून देणाऱ्या त्यांच्या कामातील रेखाटने आजही वापरली जातात.

दुसरे उदाहरण अगदी जवळच्या काळातील आहे. जयपूर फूट या नावाने ओळखले जाणारे कृत्रिम पाऊल १९६० च्या दशकाच्या अखेरीस तयार झाले, त्यामागे डॉ. प्रमोद करण सेठी यांचे वैद्यकीय ज्ञान होते, तसेच रामचंद्र शर्मा या जेमतेम शाळा शिकलेल्या कारागीर-शिल्पकाराचे हातही होते. त्यापूर्वीचे परदेशी पाऊल बूट घालणाऱ्या आणि खुर्चीवर बसणाऱ्या माणसासाठी घडवलेले होते. आपला माणूस जमिनीवर मांडी घालतो, उकिडवा बसतो, अनवाणी चिखलात चालतो. पाऊल दिसायलाही पावलासारखे हवे आणि त्याच वेळी घोट्यात सर्व बाजूंना वळायला हवे, ही अडचण रबर, लाकूड आणि हाताची जाण यांच्या आधारे सोडवली गेली. डॉ. सेठींना १९८१ साली मॅगसेसे पुरस्कार मिळाला आणि तो योग्यच होता; शर्मांचे नाव मात्र कितीजणांना आठवते, हा प्रश्न वाचकांनी स्वतःला विचारावा.

कोणी म्हणेल की ही सगळी शवाकडे पाहण्याची पाश्चात्त्य दृष्टी झाली, आणि आपल्या उशाशी अजिंठा असताना ती हवी कशाला. जळगावहून अजिंठा साठेक किलोमीटरवर आहे आणि मी विद्यार्थ्यांना घेऊन तिथे अनेकदा गेलो आहे. पहिल्या लेण्यातील पद्मपाणीच्या दंडात स्नायू मोजू गेल्यास निराशाच पदरी पडेल, पण शरीराचा भार कोणत्या पायावर आहे आणि त्यामुळे खांदा कुठे उतरला आहे, हे त्या चित्रकाराने ज्या अचूकपणे पकडले आहे ते निरीक्षणाशिवाय शक्य नव्हते. विष्णुधर्मोत्तर पुराणाच्या चित्रसूत्रात, म्हणजे चित्रकलेवरील भागात, शरीराच्या नऊ स्थिती सांगितल्या आहेत, आणि शरीर वळले की कोणता भाग आखूड दिसतो व कोणता वाढतो याचा क्षयवृद्धी या नावाने विचार केला आहे. झोपलेल्या माणसात चैतन्य आणि मेलेल्यात त्याचा अभाव जो दाखवू शकतो तोच चित्र जाणणारा, असेही तिथे म्हटले आहे. ही कसोटी शवविच्छेदनगृहाच्या दारावर लिहून ठेवावी इतकी मोलाची आहे. तेव्हा अजिंठा आणि शरीररचनाशास्त्र यांपैकी एकाची निवड करण्याची वेळ आपल्यावर आलेलीच नाही.

वेळ आली आहे ती आपल्या शिक्षणाकडे पाहण्याची. आमच्याकडे इंटरमिजिएटची परीक्षा देऊन पुढे चित्रकला महाविद्यालयात जाणारा मुलगा मानवाकृती शिकतो ती बहुतांशी छापील आकृत्यांवरून, आणि आता मोबाइलवरच्या छायाचित्रांवरून. त्याने खांद्याचे फावडेवजा हाड कधी हातात घेतलेले नसते, त्यामुळे हात वर गेला की ते हाड पाठीवर कसे सरकते, हे त्याच्या चित्रात येत नाही. रावेर-यावलच्या केळीबागेतून घड खांद्यावर घेऊन बांधापर्यंत येणारा मजूर, कापूस वेचताना दिवसभर कमरेतून वाकलेल्या बाया, विटभट्टीवर डोक्यावर विटा तोलून नेणारी मुलगी, ही मॉडेल त्याच्या घरापासून हाकेच्या अंतरावर आहेत. त्या वाकण्यात पाठीचा कणा कुठे ताणला जातो, मानेवर ओझे येते तेव्हा कोणते स्नायू उचलून धरतात, हे समजावून सांगणारा शिक्षक त्याला मिळाला, तर चित्र सुधारेलच. आणि अस्थिरोगाच्या डॉक्टरलाही, जो रुग्णाला टेबलावर आडवा पाहतो, कामात असलेले शरीर पाहायला मिळेल. याच रेखाटनांतून कोणत्या कामात कोणता सांधा झिजतो याची खान्देशापुरती चित्रवही तयार होऊ शकते.

याहून तातडीचा विषय सिकलसेलचा आहे. नंदुरबार जिल्ह्यातील अक्कलकुवा, धडगाव, तळोदा या सातपुड्याच्या पट्ट्यात भिल्ल आणि पावरा समाजांत हा आनुवंशिक आजार मोठ्या प्रमाणावर आढळतो. हिमोग्लोबिनच्या बीटा साखळीत सहाव्या स्थानी एक अमिनो आम्ल बदलते, एवढ्याने तांबड्या पेशी प्राणवायू कमी पडताच विळ्याच्या आकाराच्या होतात, बारीक रक्तवाहिन्यांत अडकतात, आणि एरवी १२० दिवस जगणारी पेशी दहा-वीस दिवसांत नष्ट होते. केंद्र सरकारने जुलै २०२३ मध्ये या आजाराच्या निर्मूलनाची राष्ट्रीय मोहीम सुरू केली असून २०४७ पर्यंतचे उद्दिष्ट ठेवले आहे. तपासण्या होतात, कार्डे दिली जातात. पण आरोग्यशिक्षणात सर्रास वापरले जाणारे आनुवंशिकतेचे चित्र पाहा. वर वाहक आई आणि वाहक बाप, खाली चार मुले, त्यांतले एक पूर्ण लाल, दोन अर्धी लाल आणि एक पांढरे. शास्त्राच्या दृष्टीने त्यात चूक काढता येत नाही. वाचणाऱ्या आईला मात्र त्यातून असे कळते की चार मुलांपैकी एकालाच आजार होणार. पहिले आजारी निघाले, म्हणजे पुढच्यांची काळजी मिटली. प्रत्यक्षात प्रत्येक गरोदरपणात तीच एक-चतुर्थांश शक्यता नव्याने उभी राहते. हा दोष आकृतीच्या रचनेचा आहे, माहितीचा नाही, आणि तो दुरुस्त करणे हे चित्रकाराचे काम आहे. एका वेळी एकच गर्भ दाखवावा, प्रत्येक खेपेला त्याच चार शक्यता पुन्हा समोर मांडाव्यात, अशी एखादी रचना करून पावरी किंवा भिलोरी बोलणाऱ्या बायांना ती दाखवावी, त्यांना काय समजले ते त्यांच्याकडूनच ऐकावे आणि मग पुन्हा काढावी. अशी दुरुस्ती करत जाणे वैद्यकीय अधिकाऱ्याला वेळेअभावी शक्य नाही, पण कलेच्या विद्यार्थ्याला तीच तर सवय लावलेली असते.

त्वचेच्या रंगाबाबतही हेच आहे. २०२१ साली नायजेरियातील चिदिएबेरे इबे या वैद्यकीय विद्यार्थ्याने काळ्या आईच्या पोटातील काळ्या अर्भकाची आकृती काढली आणि ती जगभर पाहिली गेली, कारण असे चित्र बहुतेकांनी तोवर पाहिलेच नव्हते. आपल्या पाठ्यपुस्तकांतील व तक्त्यांतील माणूसही पुष्कळदा गोराच असतो. गोऱ्या त्वचेवर लालसर दिसणारा चट्टा सावळ्या त्वचेवर जांभळट किंवा नुसताच गडद दिसतो; कुष्ठरोगाचा बधिर चट्टा आपल्याकडे भोवतालच्या त्वचेपेक्षा फिका असतो; रक्ताची कमतरता गालांवर दिसत नाही, ती पापणीच्या आत, जिभेवर आणि तळहातावर पाहावी लागते. खेडोपाडी फिरणाऱ्या आशाताईंच्या हातात आपल्या माणसांच्या रंगाची चित्रे असतील, तर काही रुग्ण तरी लवकर ओळखले जातील. सावळ्या रंगातल्या छटा ओळखून त्या मिसळणे हे तर चित्रकाराचे रोजचेच काम आहे.

या सूचनेवर दोन आक्षेप येतील. पहिला मृतांच्या सन्मानाचा, आणि तो मला पूर्णपणे मान्य आहे. वैद्यकीय महाविद्यालयांतील देह एक तर स्वेच्छेने दान केलेले असतात किंवा १९४९ च्या कायद्यानुसार आलेले बेवारस असतात. देहदान करणाऱ्याने वैद्यकीय शिक्षणासाठी संमती दिलेली असते. चित्रकलेसाठी ती दिली होती असे गृहीत धरता येणार नाही, आणि बेवारस माणसाला तर कोणी काही विचारलेलेच नसते. जर्मनीच्या गुंथर फॉन हागेन्स यांनी १९७७ मध्ये शोधलेल्या तंत्राने टिकवलेले देह पुढे जगभरच्या प्रदर्शनांत मांडले गेले तेव्हा ते देह आले कुठून यावरून मोठे वाद झाले, ते आपण विसरू नयेत. म्हणून सुरुवात हाडांच्या सांगाड्यापासून, संग्रहालयातील नमुन्यांपासून आणि प्रतिकृतींपासून करावी. विच्छेदनगृहात प्रवेश द्यायचाच झाला, तर ज्यांच्या संमतिपत्रात तसा उल्लेख आहे त्यांच्यापुरता, तोही प्राध्यापकांच्या उपस्थितीत, मोबाइल बाहेर ठेवून आणि चेहरा न रेखाटण्याच्या अटीवर. देहदानाच्या अर्जात त्यासाठी एक स्वतंत्र रकाना घालता येईल. दुसरा आक्षेप विवस्त्र मॉडेलविषयी पालक घेतील. त्यावर मी इतकेच म्हणेन की लुगड्यातल्या किंवा बंडी-धोतरातल्या कष्टकरी शरीराचा अभ्यास सुरुवातीच्या वर्षांना पुरून उरेल.

प्रत्यक्षात काय करता येईल, तेही लिहितो. खान्देशातील चित्रकला महाविद्यालयांच्या प्राचार्यांनी जवळच्या वैद्यकीय महाविद्यालयाच्या अधिष्ठात्यांना पत्र लिहून, आठवड्यातील एक दुपार अस्थी-रेखाटनासाठी मागावी. शरीररचनाशास्त्राच्या एका अध्यापकाने त्या वेळी सोबत बसावे, आणि बदल्यात वैद्यकीय विद्यार्थ्यांना साधे रेषाचित्र काढायला चित्रकलेच्या अध्यापकांनी शिकवावे. फळ्यावर हृदयाची धड आकृती काढता न येणारा डॉक्टर रुग्णाला झडपेचा आजार कसा समजावणार? याला वेगळा निधी लागत नाही. पहिल्या वर्षाचे काम म्हणून सिकलसेलचा तक्ता अहिराणी, भिलोरी आणि पावरी या तिन्ही बोलींत तयार करावा, आश्रमशाळांतील मुलींकडून आणि त्यांच्या आयांकडून तो तपासून घ्यावा, आणि छापताना चित्रकाराचे नाव डॉक्टरांच्या नावाइतक्याच टायपात द्यावे. आपल्या दैनिकाने या सूचनेवर तिन्ही महाविद्यालयांच्या अधिष्ठात्यांचे आणि कला महाविद्यालयांच्या प्राचार्यांचे म्हणणे मागवून ते याच सदरात प्रसिद्ध करावे, अशी विनंती आहे.

आपला नम्र,
एक निवृत्त कलाशिक्षक,
अमळनेर, जि. जळगाव